दुसरे अपील दाखल करण्यापूर्वी

जिल्हा न्यायालयात अपील हरलेला पक्षकार माझ्यासमोर येऊन बसतो, तेव्हा त्याच्या पिशवीत बहुधा सगळे असते: जुने सात-बारा, फेरफारांच्या नकला, मोजणीचा नकाशा, शेतसाऱ्याच्या पावत्या आणि दोन्ही निकालांच्या झेरॉक्स. एकेक कागद पुढे सरकवत तो म्हणतो, "ताई, हा कागद साहेबांनी नीट बघितलाच नाही. हायकोर्टात हा दाखवा." त्याच्या बोलण्यात खोटे काही नसते. पंधरा-वीस वर्षे त्याने तारखा केलेल्या असतात आणि कोणत्या साक्षीदाराने उलटतपासात काय कबूल केले, हे त्याला माझ्यापेक्षा चांगले आठवत असते. तरीही पहिल्याच भेटीत मला त्याला सांगावे लागते की, दिवाणी दाव्यातले उच्च न्यायालयापुढील दुसरे अपील हा पुरावा तिसऱ्यांदा तपासून घेण्याचा मार्ग नाही. हे सांगणे आजही मला जड जाते, पण ते न सांगता वकालतनाम्यावर सही घेणे मला पटत नाही.

दुसऱ्या अपिलाविषयी मराठीत सविस्तर लिहिलेले फारसे माझ्या वाचनात आलेले नाही. पक्षकाराला ऐकीव माहितीवर निर्णय घ्यावा लागतो आणि त्यात मुदत, पैसा व आशा तिन्ही वाया जातात. म्हणून हे थोडे लांबीने लिहीत आहे.

दुसऱ्या अपिलाची तरतूद दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ च्या कलम १०० मध्ये आहे. उच्च न्यायालयाला दुय्यम असलेल्या न्यायालयाने अपिलात दिलेल्या हुकूमनाम्यावर (दाव्यातील हक्कांचा निवाडा करणाऱ्या औपचारिक निर्णयावर) हे अपील होते, मात्र त्या प्रकरणात कायद्याचा सारभूत प्रश्न गुंतलेला आहे अशी उच्च न्यायालयाची खात्री झाली पाहिजे. पूर्वी हे दार यापेक्षा रुंद होते. निकाल कायद्याच्या किंवा कायद्याचे बळ असलेल्या रूढीच्या विरुद्ध असणे, महत्त्वाचा मुद्दा निर्णयावाचून राहून जाणे, किंवा प्रक्रियेत असा मोठा दोष राहणे की ज्यामुळे गुणदोषांवरील निकालच चुकला असावा, अशी तीन कारणे त्या वेळच्या कलमात होती. वस्तुस्थितीबाबतचा निष्कर्ष कितीही ढोबळ चुकीचा दिसला तरी तेवढ्या कारणासाठी दुसरे अपील ऐकता येत नाही, असे प्रिव्ही कौन्सिलने, म्हणजे त्या काळच्या लंडनमधील सर्वोच्च अपील न्यायालयाने, १८९० मध्येच दुर्गा चौधराइन खटल्यात सांगून ठेवले होते. तरीही ही तीन कारणे वेगवेगळ्या प्रकारे वाचली जात राहिली. विधी आयोगाने १९७३ च्या आपल्या ५४ व्या अहवालात हे कलम आवळण्याची शिफारस केली, १९७६ च्या दुरुस्ती अधिनियमाने ती अमलात आली आणि १ फेब्रुवारी १९७७ पासून आजचे कलम लागू झाले. कलम १०१ ने उरलेली फटही बुजवली आहे: कलम १०० मध्ये सांगितलेल्या कारणाखेरीज दुसरे अपील होणार नाही.

आपल्या प्रकरणात दुसरे अपील होते तरी का, हा प्रश्न प्रत्येकाने सर्वप्रथम विचारला पाहिजे. तूर्तातूर्त मनाईच्या अर्जावर जिल्हा न्यायालयात विरुद्ध निर्णय झालेले अनेक जण "सेकंड अपील करायचे आहे" म्हणून येतात, पण तो हुकूमनामा नसतो आणि अशा आदेशावरील अपिलात जो आदेश झाला त्यावर कलम १०४ प्रमाणे पुढे अपील नाही. तिथे फार तर संविधानाच्या अनुच्छेद २२७ खाली रिट याचिका होऊ शकते. जिल्हा न्यायालयाने प्रकरण फेरचौकशीसाठी खालच्या न्यायालयाकडे परत पाठवले असेल, तर त्यावर होणारे अपील हे आदेशावरील अपील असते, दुसरे अपील नव्हे. मूळ दावा केवळ पैशाच्या वसुलीचा असेल आणि ती रक्कम २५,००० रुपयांपेक्षा जास्त नसेल, तर कलम १०२ मुळे दुसरे अपील अजिबात होत नाही. एकतर्फी झालेल्या अपिलातील हुकूमनाम्यावर मात्र ते करता येते. कलम १०० च्या पोटकलम (२) मध्ये तसे स्पष्ट लिहिले आहे, आणि वकील गैरहजर राहिल्यामुळे अपिलात हरलेल्या प्रतिवादीला हे ठाऊक असलेले बरे.

कोठे दाखल करायचे, हे जिल्ह्यावर अवलंबून आहे. मुंबई उच्च न्यायालयाच्या मुख्य पीठाखेरीज नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर येथे खंडपीठे आहेत, आणि १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी व सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांसाठी कोल्हापूरला सर्किट बेंच (फिरते पीठ) सुरू झाले आहे. मुंबईच्या एका तारखेसाठी आदल्या रात्री एसटीत बसणाऱ्या पक्षकारांना याचे मोल वेगळे सांगायला नको.

आता मुदत. मुदत अधिनियम, १९६३ च्या अनुच्छेद ११६ प्रमाणे उच्च न्यायालयात अपील करण्यासाठी हुकूमनाम्याच्या तारखेपासून ९० दिवस मिळतात. कलम १२ प्रमाणे निकालाचा दिवस आणि सही-शिक्क्याची नक्कल मिळवण्यासाठी लागलेला काळ यांतून वगळला जातो. हे वाक्य सगळ्यांना तोंडपाठ असते आणि नेमकी इथेच चूक होते. नकलेच्या शेवटच्या पानावर नक्कल विभागाचा शिक्का असतो आणि त्यात अर्ज केल्याची, नक्कल तयार झाल्याची आणि नक्कल दिल्याची तारीख वेगवेगळी लिहिलेली असते. वगळला जातो तो अर्ज केल्यापासून नक्कल तयार होईपर्यंतचा काळ. तयार नक्कल उचलायला आपण उशीर केला, तर ते दिवस आपल्याच खात्यावर पडतात. अर्ज करण्यापूर्वी हुकूमनामा तयार व्हायला न्यायालयाला लागलेला काळही वगळला जात नाही, असे त्या कलमाच्या स्पष्टीकरणातच म्हटले आहे.

समजा, जिल्हा न्यायालयाचा निकाल १० जूनला झाला, नकलेसाठी अर्ज २० जूनला केला, नक्कल ५ जुलैला तयार झाली आणि पक्षकाराने ती २५ जुलैला उचलली. ११ जूनपासून मोजले तर ९० वा दिवस ८ सप्टेंबरला येतो. त्यात २० जून ते ५ जुलै हे १६ दिवस मिळवले की शेवटचा दिवस २४ सप्टेंबर ठरतो. पक्षकार मात्र नक्कल हाती पडली त्या दिवसापासून मोजत असतो, म्हणून २३ ऑक्टोबरपर्यंत तो निश्चिंत राहतो, आणि ऑक्टोबरच्या मध्यात वकिलाकडे येतो तेव्हा तीन आठवडे उलटून गेलेले असतात. माझ्याकडे येणाऱ्या विलंबाच्या प्रकरणांत हा प्रकार मी सर्वांत जास्त वेळा पाहिला आहे. म्हणून निकाल जाहीर होईल त्याच दिवशी नकलेचा अर्ज टाकावा आणि नक्कल तयार झाली का, याची दर दोन दिवसांनी चौकशी करावी. शेवटचा दिवस सुट्टीत आला, तर न्यायालय उघडेल त्या दिवशी अपील दाखल करता येते.

मुदत उलटलीच, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४१ नियम ३-अ प्रमाणे अपिलासोबतच विलंब माफीचा अर्ज आणि त्याला आधार देणारे प्रतिज्ञापत्र द्यावे लागते. अर्ज सोबत नसणे हा दुरुस्त करता येण्यासारखा दोष आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने मध्य प्रदेश राज्य विरुद्ध प्रदीप कुमार या खटल्यात २००० मध्ये म्हटले, पण त्या भरवशावर कोणी राहू नये. प्रतिज्ञापत्रात "प्रकृती बरी नव्हती" एवढे लिहून भागत नाही. कोणत्या तारखेपासून कोणत्या तारखेपर्यंत, कोणत्या कारणाने, आणि त्या काळात अर्जदाराने काय केले, हे कागदाच्या आधाराने सांगावे लागते. याच नियमात आणखी एक अडचण आहे, ती पक्षकाराला कोणी सांगत नाही: विलंबाचा अर्ज असेल, तर अपील सुनावणीला घेण्याचा निर्णय होईपर्यंत हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीला स्थगिती देता येत नाही. ताब्याचा हुकूमनामा असेल आणि समोरच्याने दरखास्त, म्हणजे अंमलबजावणीचा अर्ज, दाखल केली असेल, तर वीस दिवसांच्या उशिराची किंमत घर किंवा शेत अशी होऊ शकते.

मुदतीत दाखल केलेल्या अपिलानेही स्थगिती आपोआप मिळत नाही. आदेश ४१ नियम ५ त्याबाबत निःसंदिग्ध आहे. मोठे नुकसान होईल, अर्जाला अवाजवी उशीर झालेला नाही आणि अर्जदार तारण देण्यास तयार आहे, याचे समाधान न्यायालयाला व्हावे लागते. अपिलाची मुदत संपलेली नसेल, तर हुकूमनामा करणाऱ्या न्यायालयाकडेच थोड्या काळाची स्थगिती मागता येते. निकालाच्या दिवशीच हा अर्ज तयार ठेवणारा वकील पक्षकाराचे फार मोठे काम करून जातो.

या सगळ्या पायऱ्या नीट चढल्या, तरी अपील उभे राहते ते कलम १०० च्या पोटकलम (३) वर. अपिलाच्या मेमोमध्ये, म्हणजे लेखी अपील अर्जात, कायद्याचा सारभूत प्रश्न नेमकेपणाने मांडला पाहिजे, असे ते पोटकलम सांगते. पोटकलम (४) प्रमाणे असा प्रश्न आहे अशी खात्री झाल्यावर उच्च न्यायालयाने तो स्वतः निश्चित करायचा असतो, आणि पोटकलम (५) प्रमाणे सुनावणी त्या निश्चित झालेल्या प्रश्नावर होते. प्रश्न निश्चित न करताच दुसरे अपील मंजूर केले, म्हणून सर्वोच्च न्यायालयाने उच्च न्यायालयांचे निकाल रद्द करून प्रकरणे परत पाठवल्याची उदाहरणे भरपूर आहेत. अशा वेळी जिंकलेला पक्षकारही हरतो, कारण पुढची कित्येक वर्षे पुन्हा पहिल्या पायरीपासून मोजावी लागतात. म्हणून आपल्या बाजूने निकाल लागतो आहे असे दिसले, तरी प्रश्न नोंदला गेला आहे की नाही, हे अपिलकर्त्याच्या वकिलाने स्वतः पाहिले पाहिजे.

सारभूत म्हणजे काय, याची कसोटी १९६२ च्या सर चुनिलाल मेहता आणि सन्स या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने घातली. प्रश्न सर्वसाधारण सार्वजनिक महत्त्वाचा असावा, किंवा पक्षकारांच्या हक्कांवर थेट आणि भरीव परिणाम करणारा असावा. तसे असताना तो वरिष्ठ न्यायालयांच्या निर्णयांनी अंतिमतः सुटलेला नसावा, किंवा तो सोपा नसून त्यावर दोन मतांची चर्चा व्हावी असा असावा. पुढे २००१ मध्ये संतोष हजारी खटल्यात हे अधिक स्पष्ट झाले. प्रश्न वादग्रस्त असला पाहिजे, त्याच्या उत्तरावर प्रकरणाचा निकाल फिरला पाहिजे, आणि तो पक्षकारांच्या कथनांतून व टिकणाऱ्या वस्तुस्थितीबाबतच्या निष्कर्षांतून निघाला पाहिजे. दावा-कैफियतीत जे नव्हते ते उच्च न्यायालयात प्रथमच उचलले, तर तो त्या प्रकरणात 'गुंतलेला' प्रश्न होत नाही, जोपर्यंत तो मुळावरच घाव घालणारा नसेल. २००६ च्या हीरो विनोथ खटल्यात आणखी एक उपयोगी गोष्ट सांगितली आहे. कायदा अगदी स्पष्ट असतानाही खालच्या न्यायालयाने तो डावलून किंवा त्याच्या विरुद्ध निकाल दिला असेल, तर तोही सारभूत प्रश्नच होय. 'प्रश्न नवा नाही' म्हणून अपील सोडून देणाऱ्यांनी हा भाग जरूर वाचावा.

प्रश्न कसा घडतो, हे मी उमेदवारीच्या काळात एका प्रकरणात शिकले. जमीन होती एका कुटुंबाची. आजोबांनी अडचणीच्या काळात ती मुदत खरेदीने, म्हणजे ठरलेल्या मुदतीत रक्कम परत केल्यास जमीन परत मिळेल अशा बोलीवर, दिली होती. नातवाने गहाण सोडवण्याचा दावा लावला. तालुक्याच्या न्यायालयाने व्यवहार गहाणाचा ठरवून दावा मंजूर केला, तर जिल्हा न्यायालयाने तो कायम खरेदीचा ठरवून निकाल फिरवला. दुसऱ्या अपिलाचा मेमो लिहिण्याचे काम माझ्याकडे आले. मी चार दिवस बसून ३७ मुद्दे लिहिले. साक्षीदार क्रमांक दोनची साक्ष चुकीची वाचली, पावत्यांकडे दुर्लक्ष केले, निकाल पुराव्याच्या विरुद्ध आहे, निकाल अन्यायकारक आहे, असे ते मुद्दे होते, आणि शेवटी 'जिल्हा न्यायालयाने पुराव्याचे मूल्यमापन योग्य केले आहे काय?' हा प्रश्न होता.

माझ्या सरांनी मेमो वाचून बाजूला ठेवला. त्यांनी मला निकालही बाजूला ठेवायला सांगितला आणि निशाणी ५२ (निशाणी म्हणजे न्यायालयाने दप्तरातल्या कागदाला दिलेला क्रमांक) मोठ्याने वाचायला लावली. निशाणी ५२ म्हणजे तेच मुदत खरेदीखत. हस्ताक्षर मोडीच्या वळणाचे होते, शाई उडालेली होती आणि मी अडखळत वाचत होते. तिसऱ्या पानावर वाक्य आले: "सदर मुदतीत रक्कम परत न केल्यास हेच खत कायम खरेदीखत समजावे." सर म्हणाले, "हे वाक्य जिल्हा न्यायालयाच्या निकालात शोधा." निकाल २६ पानांचा होता. त्यात साक्षींची चर्चा होती, ताब्याची चर्चा होती, खताच्या मथळ्याची आणि 'गहाण' हा शब्द खतात कोठेही नसल्याची चर्चा होती. ते वाक्य मात्र कोठेच नव्हते.

संपत्ती हस्तांतरण अधिनियम, १८८२ च्या कलम ५८ मध्ये सशर्त विक्रीच्या गहाणाची व्याख्या आहे. ठरलेल्या दिवशी रक्कम न दिल्यास विक्री कायम होईल, या अटीवर वरकरणी केलेली विक्री हा त्या गहाणाचा एक प्रकार आहे. १९२९ मध्ये जोडलेल्या परंतुकाप्रमाणे (कलमाला जोडलेल्या अटीप्रमाणे) अशी अट विक्रीच्याच दस्तात असावी लागते. इथे ती त्याच दस्तात होती. अट एकाच दस्तात असली म्हणजे व्यवहार आपोआप गहाणाचा होतो असे नाही. १९५४ च्या चुंचुन झा खटल्यापासून न्यायालये दस्ताचे शब्द आणि भोवतालची परिस्थिती पाहूनच हे ठरवत आली आहेत. पण ते शब्द वाचल्याशिवाय तर हा निर्णय होऊच शकत नाही. दस्तातल्या मजकुरावरून एखाद्या घटनेचा तर्क काढणे हा वस्तुस्थितीचा प्रश्न असतो, तर दस्तातल्या अटींचा कायदेशीर परिणाम काय, हा कायद्याचा प्रश्न असतो. आमचे अपील या दुसऱ्या बाजूला उभे होते आणि मी ते ३७ मुद्द्यांखाली गाडून टाकले होते.

रात्री उशिरा जो प्रश्न तयार झाला, तो असा: 'मुदतीत रक्कम परत न केल्यास विक्री कायम समजावी ही अट निशाणी ५२ या एकाच दस्तात असताना, त्या अटीचा विचारच न करता, केवळ दस्ताचा मथळा आणि खरेदीदाराचा ताबा यांवरून तो व्यवहार कायम विक्रीचा ठरवणे हे संपत्ती हस्तांतरण अधिनियमाच्या कलम ५८ मधील सशर्त विक्रीच्या गहाणाच्या व्याख्येशी विसंगत आहे काय?' प्रश्नात निशाणी आहे, अट आहे, कलम आहे आणि जिल्हा न्यायालयाने नेमके काय केले नाही हेही आहे. ज्याने दप्तर कधी पाहिलेले नाही अशा न्यायमूर्तींनाही वाद कुठे आहे, हे एका वाचनात कळावे, ही माझी तेव्हापासूनची कसोटी आहे. मुद्दे ३७ वरून सातवर आले.

पुरावा पुन्हा तपासता येत नाही याचा अर्थ पुराव्याबद्दल काहीच बोलता येत नाही, असा कोणी घेऊ नये. खालच्या न्यायालयांनी महत्त्वाचा पुरावा डावलला असेल किंवा पुरावाच नसताना निष्कर्ष काढला असेल, सिद्ध झालेल्या गोष्टींवरून कायदा चुकीचा लावून अनुमान काढले असेल, किंवा सिद्धतेचा भार चुकीच्या पक्षावर टाकला असेल, तर उच्च न्यायालय हस्तक्षेप करू शकते. हीरो विनोथ खटल्यात हे तीन अपवाद दिलेले आहेत. पण मग 'निकाल विपरीत आहे' हा शब्द लिहून थांबता येत नाही. कोणती निशाणी, कोणाच्या साक्षीतला कोणता परिच्छेद, तो निकालाच्या कोणत्या परिच्छेदात यायला हवा होता आणि तो आला असता तर निष्कर्ष का बदलला असता, हे सांगावे लागते. एकाच पुराव्यावरून दोन अनुमाने निघू शकत असतील, तर पहिल्या अपील न्यायालयाने काढलेले अनुमान बंधनकारक राहते. कलम १०३ प्रमाणे दप्तरातला पुरावा पुरेसा असेल, तर खालच्या न्यायालयाने न ठरवलेला किंवा कायद्याच्या चुकीच्या निर्णयामुळे चुकीचा ठरलेला वस्तुस्थितीचा मुद्दा उच्च न्यायालय स्वतः ठरवू शकते. मात्र हा अधिकार अपवादाने वापरायचा आहे.

म्हणून मी माझ्याकडे शिकणाऱ्या मुला-मुलींना सांगते की, दुसऱ्या अपिलाचे काम जिल्हा न्यायालयातच करून ठेवायचे असते. पहिल्या अपील न्यायालयाने निकालात निर्णयाचे मुद्दे, त्यांवरील निर्णय आणि त्यांची कारणे द्यावीत, असे आदेश ४१ नियम ३१ सांगतो, आणि खालचा निकाल फिरवताना त्या न्यायालयाच्या कारणांना थेट भिडावे, असे संतोष हजारी खटला सांगतो. आपण तिथे तोंडी युक्तिवाद करून निघून आलो आणि निकालात आपला मुद्दा आलाच नाही, तर तो मांडला होता हे पुढे कशावरून दाखवणार? लेखी युक्तिवाद निशाणीसह दप्तरात द्यावा. जादा पुराव्यासाठी आदेश ४१ नियम २७ खाली अर्ज दिला असेल, तर त्यावर निर्णय मागून घ्यावा. तो अर्ज तसाच राहून अपील निकाली निघाले, तर त्यातूनही प्रश्न उभा राहू शकतो, पण अर्ज दप्तरात सापडला पाहिजे. जिल्हा न्यायालयात हे न केल्यामुळे चांगली प्रकरणे दाखल सुनावणीतच, म्हणजे अपील ऐकायला घ्यायचे की नाही हे ठरते त्या पहिल्या सुनावणीतच, संपलेली मी पाहिली आहेत, आणि त्याचे मला दर वेळी वाईट वाटते, कारण तेव्हा पक्षकाराला देण्यासारखे उत्तर माझ्याजवळ नसते.

दाखल सुनावणी अनेकदा पाच-दहा मिनिटांची असते. आदेश ४१ नियम ११ खाली अपील तिथेच फेटाळले जाऊ शकते. न्यायालयाला प्रश्न पटला, तर आदेश ४२ नियम २ प्रमाणे तो त्या वेळी निश्चित होतो आणि त्यानंतर परवानगीवाचून दुसरे कारण मांडता येत नाही. कलम १०० च्या पोटकलम (५) च्या परंतुकाप्रमाणे न्यायालय कारणे नोंदवून दुसरा सारभूत प्रश्नही ऐकू शकते. मेमोसोबत दोन्ही निकालांच्या नकला आणि ज्या दस्तावर प्रश्न उभा आहे तो दस्त वाचता येईल अशा टंकलिखित प्रतीसह असलेला बरा. आम्ही निशाणी ५२ टंकलिखित करून लावली होती.

ज्याच्या बाजूने निकाल लागला आहे, त्यानेही स्वस्थ बसू नये. कलम १४८-अ खाली कॅव्हेट, म्हणजे आपल्याला ऐकल्याशिवाय आदेश करू नये असा अर्ज, दाखल करावे. ते ९० दिवस टिकते, त्यानंतर गरज असेल तर पुन्हा द्यावे. अपील दाखल झाले आणि प्रश्न निश्चित झाला, तरी असा प्रश्न या प्रकरणात गुंतलेलाच नाही, असे सुनावणीत सांगण्याचा प्रतिवादीचा हक्क कलम १०० च्या पोटकलम (५) ने राखून ठेवला आहे. पुष्कळ जण तो वापरतच नाहीत.

अपील दाखल झाल्यावर ते अंतिम सुनावणीला यायला वर्षे जातात, आणि या काळात माणसे जातात. पक्षकार मयत झाल्यापासून ९० दिवसांत त्याचे वारस दप्तरी आणले नाहीत, तर त्याच्यापुरते अपील आपोआप बाद होते. ते पूर्ववत करण्यासाठी पुढे ६० दिवस मिळतात, त्यानंतर विलंब माफीचा अर्ज द्यावा लागतो. हुकूमनामा सर्वांचा मिळून आणि न तुटणारा असेल, तर एका मयतामुळे सगळेच अपील बुडण्याचा धोका असतो. आमच्या प्रकरणात समोरच्या तिघांपैकी एक भाऊ वारला आणि गावातलाच असूनही आमच्या पक्षकाराने ते मला सात महिन्यांनी सांगितले, तेही बोलता बोलता. त्याला ते कोर्टाला कळवायचे असते, हे ठाऊकच नव्हते, आणि मीही त्याला तसे कधी बजावले नव्हते. मृत्यूचा दाखला, वारसांची नावे, बाद झालेले अपील पूर्ववत करण्याचा अर्ज, विलंबाचा अर्ज असे सगळे करून ते सुधारले, पण त्यात सव्वा वर्ष गेले. तेव्हापासून वकालतनाम्यासोबत मी पक्षकाराला एक कागद देते. त्यावर दोन्ही बाजूंच्या सगळ्या पक्षकारांची नावे असतात आणि खाली लिहिलेले असते: 'यांपैकी कोणी वारल्यास आठ दिवसांत फोन करावा.'

अकराव्या वर्षी ते अपील अंतिम सुनावणीला आले. सर तोपर्यंत थकले होते, म्हणून मीच उभी राहिले. समोरच्या वकिलांनी पोटकलम (५) चा आधार घेऊन चांगला युक्तिवाद केला की, हा दस्ताचा अर्थ लावण्याचा प्रश्न नसून ताब्याचा, म्हणजे वस्तुस्थितीचा प्रश्न आहे. न्यायमूर्तींनी मला निशाणी ५२ चे तिसरे पान वाचायला सांगितले. मी ते वाक्य वाचले. त्यांनी ते पुन्हा वाचायला सांगितले आणि समोरच्या वकिलांना विचारले की, हे वाक्य जिल्हा न्यायालयाच्या निकालात कोणत्या परिच्छेदात आहे. त्यानंतर सुनावणी अर्धा तास चालली. जिल्हा न्यायालयाचा हुकूमनामा रद्द होऊन तालुका न्यायालयाचा प्राथमिक हुकूमनामा कायम झाला आणि हिशेब करून अंतिम हुकूमनाम्यासाठी प्रकरण परत तालुक्याला गेले. आजोबांचा नातू त्या वेळी साठीला आला होता. गहाणाची रक्कम भरायला तो स्वतः आला आणि पावती हातात पडल्यावर तिची नक्कल काढायला किती दिवस लागतील, हे त्याने मला लगेच विचारले.